कॉपिस : तोडून जगवलेलं रान

इंग्लंडच्या पूर्वेला सफोक काउंटीत ब्रॅडफिल्ड वुड्स नावाचं जंगल आहे. तिथले काही जुने ॲश वृक्ष पाहताना हे एकच झाड आहे हे आधी ध्यानातच येत नाही. जमिनीलगत एक ओबडधोबड, शेवाळलेलं कडं दिसतं. त्याच्या मधला भाग कुजून कधीच माती झालेला असतो आणि काठाकाठानं सरळसोट खोडं वर गेलेली असतात. ती सगळी एकाच मुळावरची. यातलं सर्वांत मोठं कडं साडेपाच मीटरच्या आसपास रुंद आहे आणि ते निदान हजार वर्षांचं असावं, असा अंदाज ऑलिव्हर रॅकम या वन-इतिहासाच्या अभ्यासकानं बांधला होता. ॲशच्या झाडाला कुणी हातच लावला नाही, तर ते साधारण दोनशे वर्षांत संपतं. जे पुन्हा पुन्हा तोडलं गेलं, ते पाचपट जगलं.

अशा तोडण्याला इंग्रजीत कॉपिस म्हणतात. हा शब्द नाम आहे आणि क्रियापदही. झाड कॉपिस करतात, म्हणजे ते जमिनीलगत तोडतात, बुडख्यातून धुमारे फुटू देतात, ठरलेली वर्षं वाढवतात आणि पुन्हा तोडतात. अशा पद्धतीनं राखलेल्या रानालाही कॉपिसच म्हणतात. तोडणं, फुटणं, थांबणं आणि परत येऊन तोडणं, या चारही गोष्टी त्या अर्थात आहेत. एखादी गळाली की शब्द चुकीचा ठरतो. परत यायचा बेत न ठेवता तोडलं तर ती नुसती वृक्षतोड. फांद्या कापून खोड ठेवलं तर ती छाटणी. आणि दोन-तीन मीटर उंचीवर, गुरांचं तोंड पोचणार नाही अशा बेतानं शेंडा उडवला, तर त्याला पोलार्ड म्हणतात. पोल म्हणजे डोकं, त्यावरून.

शब्दाचं मूळ जुन्या फ्रेंचमध्ये आहे, तोडणे या अर्थाच्या क्रियापदात. त्याच्या मागे लॅटिन आणि ग्रीकपर्यंत गेलं तर हाती लागतो ठोसा, तडाखा. सोळाव्या शतकात बोलताबोलता त्याचंच कॉप्स झालं. आज सामान्य इंग्रजी वाचकाला कॉप्स हाच शब्द ठाऊक असतो आणि त्याचा अर्थ त्याच्या लेखी शेताच्या कडेची झाडांची लहानशी राई, इतकाच. इंग्लंडच्या नकाशावर नावात कॉप्स असलेली शेकडो राने आहेत. तिथल्या बहुतेक झाडांना कित्येक दशकांत कुणी कुऱ्हाड लावलेली नाही. शब्द उरला आणि त्यातलं काम निघून गेलं, याचं मला खरंच वाईट वाटतं, कारण त्या रानांचं आरोग्य त्या कामावर अवलंबून होतं.

कॉपिसच्या भोवती शब्दांचा एक गोतावळाच आहे. तोडल्यावर राहणाऱ्या बुडख्याला स्टूल म्हणतात. कधीच न तोडलेलं झाड ते मेडन. स्टूलच्या मधूनमधून इमारती लाकडासाठी राखलेली उंच झाडं, बहुतेक ओकची, ती स्टँडर्ड. कॉपिसमधून निघणारा बारीक माल तो अंडरवुड, आणि स्टँडर्डमधून निघतो तो टिंबर. या शेवटच्या दोघांना आपण सहज एका शब्दात लाकूड म्हणून मोकळे होतो, पण मध्ययुगातल्या इंग्लंडमध्ये त्यांची मालकीही पुष्कळदा वेगळी असे. टिंबर जमीनदाराचं, आणि जळणासाठी, कुंपणासाठी अंडरवुड घेण्याचा वहिवाटीचा हक्क कुळांचा. एका वर्षात तोडायच्या तुकड्याला केंट-ससेक्सकडे कँट म्हणतात, पूर्वेकडे फेल, उत्तरेकडे हॅग. वनखात्याच्या पुस्तकी इंग्रजीत त्यालाच कूप म्हणतात. हा शेवटचा शब्द लक्षात ठेवावा, त्याच्याकडे पुढे यायचं आहे.

झाड फुटतं कसं, हे थोडं नीट पाहायला हवं. रुंद पानांच्या बहुतेक झाडांच्या सालीखाली सुप्त डोळे असतात. शेंड्यात तयार होणारं ऑक्सिन हे संप्रेरक खाली उतरतं आणि या डोळ्यांना दाबून ठेवतं. शेंडा गेला की दाब सुटतो. खाली मुळांचा पसारा शाबूत असतो आणि हिवाळ्यात त्यात पिष्टाचा साठा भरलेला असतो. पूर्ण वाढलेल्या झाडाची मुळं आणि पोसायला फक्त बोटभर कोंब, असा तो हिशोब. म्हणून वाढ बियाण्यापासून आलेल्या रोपाला स्वप्नातही शक्य नसते अशी होते. हेझल ही झुडूपवजा जात पहिल्याच उन्हाळ्यात मीटर-दीड मीटर जाते, ॲश आणि स्वीट चेस्टनट माणसाच्या डोक्यावर जातात, विलोच्या काही जाती तीन मीटर ओलांडतात. सूचिपर्णी झाडांना मात्र हे बहुधा जमत नाही. पाइन तोडला की मेला. यू आणि कॅलिफोर्नियाचा रेडवूड हे त्यातले ठळक अपवाद.

ऊस लावणाऱ्या माणसाला यातलं काही समजावून सांगावं लागणार नाही. तोडणीनंतर बुडखे जमिनीलगत छाटले नाहीत तर वरच्या कांड्यांवरचे डोळे फुटतात, ते फुटवे कमजोर निघतात, त्यांना स्वतःची मुळं धरता येत नाहीत आणि खोडवा, म्हणजे त्याच बुडख्यांवरून घेतलेलं पुढचं पीक, बिघडतो. कॉपिसचं शास्त्र हेच आहे. फरक इतकाच की खोडवा काही पिकांत थकतो आणि हेझलचा स्टूल शतकानुशतकं चालतो. न तोडलेली हेझल मात्र सत्तर-ऐंशी वर्षांत म्हातारी होऊन कोसळते.

तोडायचा हंगाम ऑक्टोबरअखेरपासून मार्चच्या मध्यापर्यंत. पानं गळून गेलेली असतात, साठा मुळात उतरलेला असतो आणि पक्ष्यांची घरटी अजून सुरू व्हायची असतात. भर उन्हाळ्यात तोडलं तर साठा पानांत खर्ची पडलेला असतो. मग फुटवे उशिरा आणि रोगट येतात आणि हिवाळ्याच्या पहिल्या कडाक्यात जळतात. कामाला लागण्याआधी स्टूलच्या भोवतीच्या काटेरी वेली आणि वाळलेल्या काटक्या साफ करायच्या, म्हणजे घाव कुठे बसतोय ते दिसतं. मग बाहेरच्या काठ्यांपासून सुरुवात करून आत जायचं. बारीक काठीसाठी बिलहुक वापरतात. हा कोयताच, आणि इंग्लंडच्या जवळजवळ प्रत्येक भागाचा त्याचा आपापला घाट आहे. त्याचा घाव खालून वर जाईल असा मारायचा. वरून खाली मारला तर चीर स्टूलमध्ये जाते. खालून वर मारला तर चिरली तरी काठी चिरते, आणि ती तर तुटलेलीच असते. हातापेक्षा जाड खोडाला करवत लागते. तिथे आधी बाहेरच्या बाजूनं खालून खाप द्यायची, नाहीतर खोड पडताना सालीची लांबच लांब पट्टी ओढून नेतं आणि ती पट्टी म्हणजे पुढच्या वर्षीचे डोळे. काप जमिनीपासून चार-सात सेंटिमीटरवर हवा आणि त्याचा उतार स्टूलच्या मध्यापासून बाहेर, म्हणजे पावसाचं पाणी आत साचत नाही. काप खाली ठेवण्यामागचं कारण खोडव्यासारखंच. मातीला टेकून फुटलेला धुमारा स्वतःची मुळं सोडतो, वर फुटलेला नुसता लटकलेला राहतो आणि चार-पाच वर्षांनी वाऱ्यात बुडापासून निसटतो.

तोडलेला माल जागेवरच निवडतात. जाडीप्रमाणे मोळ्या बांधायच्या, फांद्यांचा कचरा ओळीत रचून सुकं कुंपण करायचं आणि एप्रिलच्या आत सगळं रानाबाहेर काढायचं. मे महिन्यात कोवळे कोंब निघाले की ते बोटानं मोडतील इतके ठिसूळ असतात. उशिरा लाकूड ओढायला आलेला एक ट्रॅक्टर अख्ख्या वर्षाची वाढ तुडवून जातो.

किती वर्षांनी तोडायचं, हे झाडापेक्षा गिऱ्हाईक ठरवतं. टोपल्यांसाठी विलो दर वर्षी. हेझल सात ते दहा वर्षांनी. केंटमधलं स्वीट चेस्टनट बारा ते सोळा वर्षांनी, कारण त्या वयात त्याचं खोड उभं चिरून कुंपणाच्या पट्ट्या निघतात. चेस्टनट लहान वयातच टॅनिननं भरलेलं पक्कं गाभ्याचं लाकूड धरतो, म्हणून त्याचे खांब कोणताही लेप न देता मातीत वर्षानुवर्षं टिकतात. ओक पंचवीस-तीस वर्षांनी, सालीसाठी. त्या सालीवर चामडं कमावत असत.

हेझल इतकी लवकर का तोडायची, हे कळायला हर्डल विणताना पाहावं. हर्डल म्हणजे सुट्या कुडाची चौकट. मेंढ्या कोंडायला तिचा उपयोग होई, आज बागेच्या कुंपणाला होतो. रुंदी साधारण सहा फूट. जमिनीवर एक किंचित बाक असलेला ओंडका ठेवतात आणि त्यातल्या दहा भोकांत दहा उभ्या काठ्या रोवतात. कडेच्या दोन गोल, मधल्या बहुतेक उभ्या चिरलेल्या. ओंडक्याला बाक मुद्दाम दिलेला असतो. विणून झालेली हर्डल त्यातून काढून सपाट रचली, की वाळताना वीण आवळली जाते. आडव्या काठ्याही कोयत्यानं उभ्या चिरून घेतात. चीर एका बाजूला पळायला लागली की जाड बाजूकडे काठी वाकवून तिला पुन्हा मध्यावर आणायचं, हे हातालाच कळावं लागतं. मग काठी कडेच्या खांबापाशी आली की ती नुसती वळवायची नाही. वळवली तर मोडते. तिला आधी दोरासारखा पीळ द्यायचा, तंतू सुटे होऊ द्यायचे आणि मग खांबाभोवती फिरवून परत आणायची. सात-आठ वर्षांची, अंगठ्यापेक्षा थोडी जाड, बाजूला फांद्या न फुटलेली काठीच हा पीळ घेते. पंधरा वर्षांच्या हेझलला पीळ बसत नाही आणि ती सरळही चिरत नाही. गवताच्या छपरात ठोकायच्या स्पार नावाच्या खिळकाठीचंही तेच. दोन्ही टोकं तासलेली ती काठी मध्यावर पिळून आकड्यासारखी वाकवतात. म्हणून शेजारी माल घेणारा कारागीर नसेल तर कॉपिसचं वेळापत्रक टिकत नाही, आणि कारागिराला कॉपिस मिळालं नाही तर त्याचा धंदा टिकत नाही.

हे सगळं फार जुनं आहे. सॉमरसेटच्या पाणथळ भागात १९७० साली स्वीट ट्रॅक हा लाकडी पायरस्ता सापडला. झाडांच्या वर्षवलयांवरून त्याची बांधणी इसवी सनापूर्वी ३८०७-०६ च्या हिवाळ्यात धरली जाते, आणि त्यात वापरलेल्या लांब सरळ काठ्या कॉपिसकडे बोट दाखवतात. ब्रॅडफिल्ड वुड्समध्ये १२५२ पासून कॉपिस चालू असल्याच्या नोंदी आहेत. आठव्या हेन्रीच्या काळात, १५४३ साली, संसदेनं वनांचा कायदा केला. दर एकरी निदान बारा स्टँडर्ड राखायची आणि तोडीनंतर तुकडा कुंपण घालून गुरांना बंद करायचा, असं त्यानं सांगितलं. रान चौदा वर्षांच्या आतलं असेल तर चार वर्षं, चौदा ते चोवीस वर्षांचं असेल तर सहा. ही चार आणि सहा वर्षं कुणीतरी कोंबांची उंची मोजूनच ठरवलेली असणार.

ससेक्स आणि केंटमधल्या लोखंडाच्या भट्ट्यांनी इंग्लंडची जंगलं खाल्ली, असं पुष्कळदा सांगितलं जातं. रॅकमनं याला ठाम विरोध केला आणि मला त्याचं म्हणणं पटतं. भट्टीला दर वर्षी लाकडी कोळसा लागतो, तेव्हा भट्टीच्या मालकाला रान पुढच्या वर्षीही उभं हवं असतं. ज्या रानातून दर वर्षी काहीतरी विकलं जात होतं ती टिकली. ज्यांना गिऱ्हाईक उरलं नाही ती मुळासकट उपटून तिथे नांगर फिरला. लेक डिस्ट्रिक्टमधली स्टॉट पार्कची रिळांची गिरणी १८३५ साली उभी राहिली, ती आसपासच्या कॉपिसवर. लँकेशायरच्या कापडगिरण्यांना रिळं लागत आणि ती तिथल्या बर्च, ॲश, सिकॅमोरच्या काठ्यांतून कातली जात. अमेरिकेतल्या यादवीच्या काळात, १८६१ ते १८६५ मध्ये, आपल्या वऱ्हाडचा कापूस त्याच लँकेशायरला जात होता.

कॉपिस रानात फुलं का इतकी येतात, हा या विषयातला सर्वांत देखणा भाग. तोडीनंतर जमिनीवर एकदम ऊन पडतं. पहिल्या वसंतात फारसं काही दिसत नाही. कारण कळ्या धरायला झाडांना एक उन्हाळा उजेड मिळावा लागतो. दुसऱ्या आणि तिसऱ्या वसंतात प्रिमरोझ, ॲनिमोन, ब्ल्यूबेल, आणि ब्रॅडफिल्डसारख्या पूर्वेकडच्या रानांत ऑक्सलिप, जमीन झाकून टाकतात. मातीत वर्षानुवर्षं पडून राहिलेलं बीही तेव्हाच उठतं. चौथ्या-पाचव्या वर्षी काटेरी वेली माजतात, मग डोक्यावर पानांचं छत मिटतं आणि फुलं पुढच्या तोडीची वाट पाहत सावलीत जिवंत राहतात. पक्षी-प्राण्यांचीही पाळी ठरलेली आहे. नाइटिंगेल चार ते आठ वर्षांच्या दाट, खालपर्यंत झाकलेल्या तुकड्यात घरटं करतो. डॉरमाउस या सोनेरी, झाडावर राहणाऱ्या छोट्या उंदराला हेझलची फळं हवीत आणि एकमेकांत गुंतलेल्या फांद्या, म्हणून त्याला सात वर्षांपुढचं रान लागतं. हीथ फ्रिटिलरी हे नारिंगी-तपकिरी फुलपाखरू तर रानात ताज्या तुकड्याशिवाय जगतच नाही. त्याच्या अळ्या काउ-व्हीट या लहान रोपावर पोसतात, आणि ते रोप तोडीनंतरच्या उन्हात वाढतं. केंटमधल्या ब्लीन वुड्समध्ये ते आजही आहे. लाकूडतोड्यामागून फिरणारं फुलपाखरू, असं त्याला लोक म्हणत. ते लांब उडत नाही. नवा तुकडा जुन्याला लागून किंवा रानवाटेनं जोडलेला नसेल तर दोन-चार हंगामांत ते त्या रानातून नाहीसं होतं. म्हणून आठ वर्षांचं चक्र असेल तर रानाचे आठ तुकडे पाडून दर वर्षी एक तोडतात आणि क्रम असा लावतात, की शेजारचा तुकडा फार उशिरा येऊ नये. एका दमात सगळं रान तोडलं तर आठ वयांऐवजी एकच वय उरतं आणि यातल्या कुणाचीच सोय होत नाही.

आता बिघडतं कुठे, ते पाहू. आजच्या इंग्लंडमध्ये पहिलं उत्तर हरीण. लांडगा आणि लिंक्स हे मोठं रानमांजर कधीच संपले. फॅलो हरणं नॉर्मन लोकांनी आणली, मुंटजॅक चीनमधून आणलेली वोबर्नच्या उद्यानातून पसरली, आणि मूळचं रो हरीणही वाढलं. कोवळा फुटवा यांचं सर्वांत आवडतं खाणं. एकदा खाल्ला तर स्टूल पुन्हा फुटतो, दुसऱ्यांदा बारीक फुटतो आणि दोन-तीन वर्षं सलग खाल्ला तर मुळातला साठा संपून हजार वर्षांचा स्टूलही मरतो. कुऱ्हाडीनं जे कधी झालं नाही ते यामुळे होतं. उपाय म्हणजे एक मीटर ऐंशीचं कुंपण, किंवा काटक्यांचं दाट सुकं कुंपण, आणि कोंब दोन मीटरच्या वर जाईपर्यंत त्याची रोज नजरेखाली देखभाल. स्टूलवरच काटक्यांचा ढीग रचण्याची पद्धतही आहे. पण ढीग जड झाला की कोंब वाकडे निघतात आणि वाकडी काठी कुणी घेत नाही.

दुसरं बिघडण्याचं कारण सावली. स्टँडर्ड झाडं मोहानं राखली जातात, मोठी होतात आणि त्यांच्या छत्रांनी जमिनीचा तिसरा हिस्सा झाकला की खालची हेझल रोडावते. कॉपिस करताना दर चक्रात काही मोठे ओकही पाडावे लागतात आणि काही पोरसवदा ओक त्यांच्या जागी वाढू द्यावे लागतात. नेमकं हेच काम निसर्गप्रेमी मंडळींना सर्वांत जड जातं.

तिसरं कारण विरळपणा. चांगल्या हेझल रानात हेक्टरी दीड-दोन हजार स्टूल असतात, म्हणजे दोघांत सव्वादोन-अडीच मीटर. तेवढी दाटी असली की काठ्या उजेडासाठी सरळ वर जातात. तीनशे-चारशेच उरले तर त्या बाजूला पसरतात आणि आडव्या फांद्या धरतात. रिकामी जागा भरायला रोप आणायची गरज नाही. शेजारच्या स्टूलची दोन-तीन मीटरची एक लवचीक काठी हिवाळ्यात बुडाशी अर्धवट कापून आडवी करायची. जमिनीत बोटभर चर काढायचा, काठी जिथे मातीला टेकते तिथली खालची साल थोडी खरवडायची, दुबेळक्याच्या खुंटीनं ती पक्की दाबायची, वर माती लोटायची आणि शेंडा उभा ठेवायचा. दोन-तीन वर्षांत मूळ धरलं की आईपासून तोडून टाकायची. आपल्याकडे दाब कलम करतात तेच हे.

आणि चौथं, नुसतं विसरून जाणं. दगडी कोळसा रेल्वेनं गावोगाव पोचला, तारेचं कुंपण स्वस्त झालं, आणि विसाव्या शतकात कॉपिसची मागणी आटली. महायुद्धानंतर कित्येक रानांत सूचिपर्णी झाडं लावली गेली, उरलेली तशीच वाढत राहिली. तीस-चाळीस वर्षं न तोडलेली हेझल बाहेरच्या बाजूला कलंडते आणि स्टूल उकलायला लागतो. ती बहुधा वाचवता येते. पण पहिली तोड निव्वळ जळणाची निघते, कामाच्या काठ्या दुसऱ्या चक्रात येतात. एवढा धीर असलेली संस्था किंवा माणूस पाठीशी हवा. ॲशचं दुखणं वेगळं आहे. ॲश डायबॅक हा बुरशीजन्य रोग ब्रिटनमध्ये २०१२ साली नोंदला गेला. तो पानांतून शिरतो, आणि कॉपिसचे कोंब जमिनीलगतच्या दमट हवेत असल्यानं चटकन बळी पडतात. म्हणून रोग असलेल्या रानात ॲश तोडण्याआधी आता दहादा विचार करतात. त्याच वर्षी ग्लॉस्टरशरमधल्या वेस्टनबर्टला सुमारे दोन हजार वर्षांचा मानला जाणारा लाइम (लिंबू नव्हे, लिंडन) वृक्ष पुन्हा तोडला गेला. तो लाइम असल्यामुळे ती काळजी नव्हती.

आता कूपकडे. ठाणे, पालघर, धुळे, नंदुरबार किंवा विदर्भातल्या कुठल्याही जंगलगावात कूप हा शब्द मराठीच वाटावा इतका रुळला आहे. कूप पडलं, कूप लागलं, कूपवर मजुरीला गेले. जंगल कामगार सहकारी संस्थांना कूप दिलं जातं. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात हिंदुस्थानात येणारे कित्येक वनाधिकारी फ्रान्समधल्या नॅन्सीच्या वनशाळेत शिकून येत, आणि वार्षिक तोडीच्या तुकड्याचा फ्रेंच शब्द त्यांच्या इंग्रजीतून इथे आला. कॉपिस आणि कूप एकाच फ्रेंच क्रियापदाची लेकरं. विहिरीच्या संस्कृत कूपाशी त्याचा संबंध नाही.

शब्दाबरोबर पद्धतही आली. आपल्या वनखात्याच्या कार्य आयोजनांत कॉपिस विथ रिझर्व्ह या नावानं ती दिसते. काही झाडं राखायची, बाकीची जमिनीलगत तोडून फुटव्यावर सोडायची, साधारण तीस-चाळीस वर्षांचं चक्र. साग फुटायला फार उत्तम. पहिल्या पावसात त्याच्या फुटव्याची पानं सुपाएवढी होतात. ऐन, धावडा, तेंदूही फुटतात. पद्धतीचे नियम इंग्लंडच्या नियमांशी जुळणारेच आहेत. खुंट पंधरा सेंटिमीटरच्या वर ठेवायचा नाही, माथा घुमटासारखा उतरता करायचा, साल फाटू द्यायची नाही, तोड पावसाळ्याच्या बरीच आधी आटोपायची, तुकडा साधारण पाच वर्षं चराईला बंद ठेवायचा आणि वणव्यापासून राखायचा. दोन-तीन वर्षांनी खुंटावरच्या फुटव्यांपैकी बुडाशी फुटलेला एखाद-दुसरा जोमदार ठेवून बाकीचे काढायचे.

आणि पोलार्डच्या जवळची छाटणीही आपल्याकडे आहे, वनखात्याच्या कितीतरी आधीपासून. कोकणात आणि मावळात भाताच्या राबासाठी ऐन, किंजळ यांच्या फांद्या तोडतात. वरकस जमिनीवरचे ऐन अंगभर छाटलेले, खांबाला पानांचे झुबके बांधावेत तसे दिसतात, ते यामुळे. तोडलेले टहाळे वाळवून रोपाच्या वाफ्यावर शेण, पालापाचोळा आणि वर मातीच्या थरासह पसरायचे आणि पावसाआधी वाऱ्याच्या उलट बाजूनं पेटवायचे. तण आणि किडीचा नाश होतो आणि राखेतून रोपाला बळ मिळतं. राबाच्या या हक्कावरून ठाणे-कुलाब्यात शेतकरी आणि जंगलखातं यांच्यात इतका तंटा झाला की त्याची चौकशी मुंबई सरकारच्या वन आयोगानं केली आणि १८८७ साली अहवाल दिला. साग, शिसव सरकारचे आणि टहाळ रयतेचे, हा वाद इंग्लंडच्या टिंबर आणि अंडरवुडच्या वाटणीसारखाच होता. फक्त तिथे ती वाटणी वहिवाटीनं शेकडो वर्षांत मुरली होती, इथे ती वरून लादली गेली आणि म्हणून कडवट झाली.

फुटव्यावरचा साग रानात ओळखता येतो. बियाण्याचा साग जमिनीतून सरळ येतो. फुटव्याचा साग बुडाशी बाहेरच्या बाजूला झुकतो आणि मग वर वळतो, आणि पुष्कळदा दोन-तीन खोडं एकाच जागेतून निघालेली असतात. त्या खोडांच्या मध्ये हात घालून पाहावं. तोड खाली झाली असेल तर तिथे मातीने भरलेला खळगा लागतो आणि प्रत्येक खोड स्वतःच्या मुळांवर उभं असतं. तोड गुडघ्याएवढ्या उंचीवर झाली असेल तर जुन्या खुंटाचा कुजका भाग अजून उभा असतो आणि ती कूज फुटव्याच्या बुडात चढलेली असते. तीस वर्षांनी असं झाड पाडलं की खालचा मीटरभर तुकडा पोकळ निघतो. डेपोत मोजणीआधी तो कापून टाकावा लागतो, आणि सागाच्या खोडात सर्वांत जाड, सर्वांत किमती लाकूड तिथेच असतं.